बाकावर बसलेलं गुडविल

बँकेतल्या साहेबांची नवी पँट गुडघ्यांपर्यंत सुखरूप आली आणि तिथे अडून बसली. साहेबांनी श्वास आत ओढला, पोट आत ओढलं, शेवटी पँट वर ओढली. तेव्हा ती फक्त टर्रकन बोलली आणि पुन्हा गप्प झाली. संध्याकाळी साहेबांचा निवृत्तीचा निरोपसमारंभ होता. ट्रायलच्या कोपऱ्यातून ते जुन्याच पँटीत बाहेर आले आणि नवी त्यांनी टेबलावर अशी टाकली, जशी कुणी मेलेली पाल टाकावी.

"भाषणात सांगू का आज? की आयुष्यभर एकाच दुकानात कपडे शिवले, आणि शेवटी त्या दुकानानं पँटसुद्धा वर जाऊ दिली नाही?"

साहेब गेले. दुकानात दोघं उरले. एक दुकानाचा नवा मालक. त्याला अख्खी गल्ली 'नवा' म्हणायची आणि बहुधा तो म्हातारा होईपर्यंत म्हणणार होती. दुसरे बाकावर बसलेले टेलरकाका. ते जुने मालक, आणि हा सगळा पराक्रम त्यांचाच होता.

झालं होतं असं. नव्यानं साहेबांच्या कमरेला टेप लावली आणि स्टेशनवर गाडीची घोषणा करतात तशा खणखणीत आवाजात म्हटलं, "चव्वेचाळीस!" साहेबांचा चेहरा पडला. बाकावर बसलेल्या काकांच्या तोंडून जन्माच्या सवयीनं निघून गेलं, "अरे बाबा, टेप नीट धर की! अडतीस आहे, अडतीस!" साहेब असे काही खुलले, की पँटीच्या जोडीला कोटाचं कापडही देऊन गेले. नव्याला वाटलं, एवढा मुरलेला माणूस सांगतोय, आपलीच टेप सरकली असेल. त्यानं अडतीसची कापली.

वास्तविक काका आयुष्यभर हेच करत आले होते. त्यांच्या दुकानात कुणाची कंबर कधी वाढलीच नाही. दाताच्या डॉक्टरांची छाती तरुणपणी होती तेवढीच राहिली, पोट मात्र दरवर्षी थोडं थोडं आत गेलं, असं काकांची टेप सांगायची. गिऱ्हाईक घरी जाऊन बायकोला म्हणायचं, "बघ, टेलरकडे विचार!" आणि कपडे? कपडे अंगाला असे बसायचे, की दुसऱ्या गल्लीतले लोक तीन टेलर ओलांडून इथे यायचे.

कारण दुकानाच्या मागच्या खोलीत, पडद्याआड काकू कापड कापायला बसायच्या. काकांनी पुढून ओरडायचं, "कंबर अडतीऽऽस!" काकांच्या मते त्यात एक गुप्त लिपी होती. आकडा सरळ म्हटला तर खरा. 'ती'वर जरा लांबवला तर दोन इंच वाढवायचे. बराच लांबवला तर चार. आणि शेवटी खोकला आला तर देवाचं नाव घेऊन हवं तेवढं कापड सोडायचं. ही लिपी आपण काकूंना कधी शिकवली, हे काकांना आठवत नव्हतं. पण संसारात अशा पुष्कळ गोष्टी शिकवल्याशिवाय समजतात, असं त्यांना वाटे. एकही कपडा कधी चुकला नव्हता, मग शंका कशाला घ्यायची?

आणि मग एका सकाळी काकूंच्या हातातून कात्री पडली. उजवा हात गेला, उजवा पाय लुळा पडला आणि बोलणं गेलं. म्हणजे अगदीच गेलं नाही. एक शब्द शिल्लक राहिला, 'बटण'. पाणी हवं असलं तरी बटण, खिडकी लावायची असली तरी बटण. काकांनी फार बडबड केली की जरा चढ्या आवाजात, "बटण!"

त्या इस्पितळाच्या दिवसांतच दुकान विकलं. काकांना नुसतं शिवता येत होतं, कापता येत नव्हतं. दलाल आला. त्यानं मशीन, टेबल, आरसा, इस्त्री असं सगळं लिहून घेतलं आणि म्हणाला, "आणि गुडविल."

"ते माझ्याकडे नाहीये," काका प्रामाणिकपणे म्हणाले. "इस्त्र्या मात्र दोन आहेत."

दलाल हसला. "अहो काका, गुडविल म्हणजे गिऱ्हाइकाच्या पायांची सवय. डोकं कुठेही असो, पाय इकडे वळतात ना? ती सवय तुम्ही कमावलीत. हिशेबात तिची किंमत धरतात. दुकानासकट नाव विकायचं, विश्वास विकायचा आणि पुन्हा याच भागात शिवायला बसायचं नाही. नाहीतर पाय तुमच्या मागे येतील. तुम्ही गुडविल विकायचं आणि ते परत घरी पळून यायचं, हे चालत नाही."

विकलेलं मांजर परत येतं तसं काहीतरी असावं, एवढं काकांना समजलं. त्यांनी सही केली. दुकानावरची राहायची खोली तेवढी त्यांच्याकडे राहिली.

नवा कष्टाळू होता. तयार कपड्यांच्या कारखान्यात वर्षानुवर्षं कापड कापून, पोटाला चिमटा घेऊन त्यानं हे दुकान घेतलं होतं. त्यानं भिंती रंगवल्या आणि मधला जुना पडदा काढून तिथे प्लायवूडची भिंत उभी केली. त्या पडद्याला डोळ्याच्या उंचीवर एक जळकं भोक होतं, इस्त्रीच्या निखाऱ्याचं. काका कितीदा म्हणाले होते, "अगं, टेलरच्या दुकानात भोकाचा पडदा? लोक काय म्हणतील?" काकू म्हणायच्या, "राहू दे. वारा येतो." नव्यानं पडदा बाहेर फेकला. तो खरी मापं घ्यायचा, मोठ्यानं सांगायचा आणि बरोबर तेवढंच कापायचा. गिऱ्हाइकं एकदा यायची. पुन्हा यायची नाहीत. काही तर दारातून डोकावून, काका दिसत नाहीत म्हणून, पुढेच जायची. शेवटी नव्यानं काकांना विनवलं, "काका, तुम्ही नुसते बाकावर बसा. काही करू नका. दिसा." आणि गुडविल बाकावर जाऊन बसलं.

पँटीचा प्रकार झाला त्या दुपारी नव्यानं दुकानाचं दार आतून लावून घेतलं.

"काका, मी काय काय विकत घेतलं?"

"दुकान."

"मशीन? हे इथे आहे. टेबल? आहे. आरसा? आहे. आता गुडविल दाखवा."

"अरे, ते असं दाखवता..."

"मग द्या तरी! माझ्या बायकोला मी सांगितलं होतं, दुकानाबरोबर गिऱ्हाइकं मिळतायत. तिनं गळ्यातलं काढून दिलं. आता ती विचारते, गिऱ्हाइकं कुठायत? मी काय सांगू, बाकावर बसून चुकीचे आकडे सांगतायत?" बोलता बोलता त्याचा आवाज फाटला. तो टेबलाला टेकून उभा राहिला. "मोबाइलची कव्हरं विकणारा एक जण जागा बघायला येणार आहे शनिवारी. मशीन भंगारात देतो. मला नाही जमत."

काका बाकावरून ताडकन उठले, पण ते दुकानासाठी नव्हतं. वर खाटेवर पडलेल्या काकू दिवसभर खालच्या मशीनचा आवाज ऐकायच्या. मशीन खडखडू लागलं की त्यांची डावी बोटं उजव्या बोटांना धरून उघडझाप करायला लावायची. डॉक्टरांनी सांगितलेला व्यायाम त्या तेवढ्याच वेळात करायच्या, फक्त मशीनच्या तालावर. काम नसलेल्या दिवशी मशीन गप्प राही आणि त्या भिंतीकडे तोंड करून पडत. मग जेवण नाही, औषध नाही. गेल्या महिन्यात असे दिवस फार झाले होते. काकांनी एकदा स्वतः टेबलावर बोटांनी ताल धरून पाहिला. काकूंनी मान वळवून असं काही पाहिलं, की ते मुकाट्यानं भांडी घासायला गेले.

मशीन भंगारात गेलं तर? पुढचा विचार करायचं धाडस त्यांच्यात नव्हतं.

ते वर गेले. काकू भिंतीकडे तोंड करून होत्या.

"अगं, ऐक ना. मला ती लिपी सांग. अडतीस लांबवलं की तू किती वाढवायचीस? मी त्या पोराला शिकवतो. नाहीतर तो मशीन विकतोय गं."

काकूंनी मान वळवली. डोळे मोठे केले. "बटण?"

"हो, अडतीऽऽस. हे बघ, असं. दोन की चार?"

काकूंचा चेहरा आधी कोरा राहिला. मग त्यांचं अर्धं तोंड हसलं. बऱ्याच दिवसांनी हसलं, पण काकांना त्या हसण्याची भीतीच वाटली. काकूंनी डाव्या हाताचा अंगठा आणि बोट जुळवून गोल केला, डोळ्याला लावला. "बटण!"

काकांनी बटणांचा डबा आणला. काकूंनी तो उडवून लावला. बटणं खोलीभर घरंगळली, खाटेखाली गेली, काकांच्या चपलेत गेली. काका गुडघ्यांवर रांगत ती वेचू लागले. वेचता वेचता त्यांचा बांध फुटला. "काय हवंय तुला? सांग ना! मला काही कळत नाही गं तुझ्याशिवाय, मला साधी पँट कळत नाही!"

काकूंच्या अंगावर एक बटण पडलं होतं. ओव्हरकोटाचं, मोठ्या भोकांचं. त्यांनी ते उचललं, डोळ्यासमोर धरलं आणि त्या भोकातून नवऱ्याकडे बघितलं. डोक्यापासून पायापर्यंत, मग कमरेशी थांबून. अगदी सावकाश.

काका रांगता रांगता थांबले.

"पडदा," ते म्हणाले. "भोक. वारा येतो म्हणायचीस."

शुक्रवारी बँकेतले साहेब कोटाचं कापड परत न्यायला आले. आत आल्यावर त्यांना दिसलं की प्लायवूडची भिंत गेली आहे आणि तिथे एक चादर टांगली आहे, मधोमध भोक पाडलेली. चादरीआड काकू खुर्चीत होत्या. नव्यानं आणि काकांनी त्यांना जिन्यावरून खुर्चीसकट खाली आणलं होतं. वाटेत नवा तीनदा म्हणाला होता, "हे वेड आहे, काका," आणि तिन्ही वेळा त्यानं खुर्ची सोडली नव्हती.

"साहेब," काका हात जोडून म्हणाले, "एकदा उभे राहा. मग कापड न्या, शिव्या द्या, काय वाटेल ते करा. फक्त एकदा उभे राहा."

"निरोप झाला माझा! आता पँट घालून जायचं कुठे?"

"तिन्हीसांजेला फिरायला. बाग आहे, बाक आहेत."

साहेब कुरकुरत उभे राहिले. काकांनी टेप लावली आणि ओरडले, "अडतीऽऽस!" साहेबांचा राग निम्मा तिथेच उतरला. चादरीच्या भोकात एक डोळा आला, वळला, खाली गेला, पुन्हा वर आला.

साहेब गेल्यावर पँटीचं नवीन कापड काकूंपुढे अंथरलं. त्यांनी डाव्या हातात खडू धरला. पहिली रेघ हलली. दुसरी इतकी वाकडी गेली, की नव्यानं डोळे मिटून घेतले. काकूंच्या कपाळावर घाम आला, खडू पडला, काकांनी उचलून दिला, पुन्हा पडला. एका पँटीला सगळी दुपार गेली. शेवटी नव्यानं कात्री घेतली आणि रडवेल्या आवाजात विचारलं, "काकू, असंच कापू? नक्की? कापड माझं आहे हं."

"बटण," काकू म्हणाल्या. नव्यानं कापलं.

आणि मशीन सुरू झालं.

शनिवारी साहेबांनी पँट चढवली. ती वर गेली. बटण लागलं. साहेबांनी आरशात पुढून पाहिलं, बाजूनं पाहिलं, मग पोट सोडून पाहिलं. तरी बटण जागेवर. "अडतीस ना?" त्यांनी हळूच विचारलं.

"अडतीसच," नवा म्हणाला. आयुष्यातलं पहिलं खोटं बोलताना त्याचे कान लाल झाले होते. साहेब कोटाचं कापड तिथेच ठेवून गेले. थोड्या वेळानं कव्हरंवाला जागा बघायला आला, तेव्हा नवा त्याला म्हणाला, "पुढच्या महिन्यात ये. अजून नक्की नाही." खरंच नक्की नव्हतं. काकूंच्यानं दिवसाला एकच कपडा होणार होता, तोही झाला तर. करारात काकांनी शिवायचं नाही असं होतं. काकूंबद्दल त्यात एक अक्षर नव्हतं. दलालाला पडद्यामागे कुणी आहे हेच ठाऊक नव्हतं.

संध्याकाळी काकूंना वर नेऊन खाटेवर बसवलं. काकांनी त्यांच्या उजव्या हाताची बोटं तेल लावून एकेक करून सरळ केली. मग बराच वेळ मनात घोळत असलेलं विचारलं.

"म्हणजे मी एवढी वर्षं आकडे ओरडत होतो, लांबवत होतो, खोकत होतो, ते तू ऐकलंच नाहीस कधी?"

काकूंनी मान हलवली. नाही.

"मग मी त्या दलालाच्या कागदावर सही करून ते जे विकलं, गुडविल, ते होतं तरी कुणाचं?"

काकूंचे ओठ हलले. काका वाट बघत राहिले. बटण येणार, हे त्यांना ठाऊक होतं. काकूंनी डोळे मिटले, मानेच्या शिरा ताणल्या, आणि एकेक शब्द खाणीतून उपसावा तसा उपसून त्या म्हणाल्या,

"माझं होतं. विचारलंत मला?"