साहनिमची आई

आमच्या लोंबोक बेटावरच्या गावात पहिलं मूल झालं की बाईचं स्वतःचं नाव मागे पडतं. माझ्या शेजारणीला सगळे ‘इनाक साहनिम’ म्हणतात, म्हणजे साहनिमची आई. विहिरीवर, बाजारात, सगळीकडे. पण खुद्द साहनिम तिला आई म्हणत नाही.

पोर दीड वर्षाची असताना तिला आजीकडे ठेवून ही तैपेईला घरकामाला गेली. इकडे नवऱ्यानं दुसरा संसार थाटला. नऊ वर्षांनी परतली, तेव्हा साहनिम आजीलाच आई म्हणत होती आणि हिला मावशी. तेही अहोजाहो करून.

ही पहाटे पाणी भरायची, मग शाळेच्या फाटकाशी केळी तळायला बसायची. तिनं पुढे केलेलं केळं पोर पाहुण्याकडून घ्यावं तसं दोन्ही हातांनी घ्यायची आणि निघून जायची.

एका दुपारी आम्ही दोघी हिच्या घरी हातमागावर बसलो होतो. तैपेईहून मेईचा फोन आला. मालकांची ही मुलगी हिनंच तान्ही असल्यापासून वाढवलेली. ही त्या परक्या भाषेत बोलत होती, हसत होती. फोन ठेवला आणि धागा हातात धरून नुसती बसून राहिली.

साहनिम दारात उभी होती. ती तुम्हाला काय म्हणते, तिनं विचारलं.

“मावशी.”

“तिला झोपवायचं कोण?”

“मीच.”

पोरीचा चेहरा लालबुंद झाला. “मग इकडे आलीस कशाला? जा ना तिच्याकडेच!” म्हणून ती परसात पळाली.

मी रागवायला उठले, तर हिनं माझा हात धरला. “राहू दे, ताई. घरच्या माणसाशी भांडावं तशी भांडली.” डोळे मात्र भरले होते.

तेव्हापासून साहनिम अधूनमधून मागाशी येऊन बसते. धागे सोडवता सोडवता मेईबद्दल खोदून खोदून विचारते, नि उत्तर ऐकून फुगून बसते.

यंदा तिला तैपेईला पाठवणारा एजंट पुन्हा येऊन गेला. मेई नव्या बाईच्या हातचं जेवत नाही, परत या, असा निरोप होता. हिनं नाही म्हणून कळवलं आणि दिवसभर मागाला हात लावला नाही.

साहनिमनं तिला अजून आई म्हटलेलं नाही. पोर जवळ असताना मेईचा फोन आला की ही ओट्यावर जाते आणि हळू आवाजात बोलते.