उन्हावर केलेली सही

पुण्याहून मुलीने सकाळी सकाळी मोबाईलवर एक इंग्रजी शब्द पाठवला. ॲप्रिसिटी. हिवाळ्यातल्या उन्हाची ऊब, एवढाच त्याचा अर्थ. सोबत तिच्या गॅलरीचा फोटो होता, त्यात कॉफीचा मग आणि मोजे घातलेले तिचे पाय. खाली लिहिलं होतं, 'बाबा, आजोबांना सांगा, ते रोज अंगणात बसून जे घेतात ना, त्याला इंग्रजीत नाव आहे. फार जुना शब्द आहे, आता कुणी वापरत नाही.'

मला त्या शब्दाचा असा राग आला की मी मोबाईल गादीवर आपटला. जमिनीवर आपटण्याइतका मी श्रीमंत नाही. आमच्या अंगणात ऊन यायचं बंद होऊन त्या दिवशी अकरा दिवस झाले होते, आणि ही मला उन्हाचं नाव कळवत होती. तिला काही माहीत नव्हतं, हे खरं. पण राग अशा गोष्टी बघून येत नाही. मी तिला उत्तर पाठवलं, 'आजोबांना नाव नको, ऊन पाहिजे.' तिने हसणारा चेहरा पाठवला.

आता घर कसं आहे ते सांगतो, म्हणजे माझी चिडचिड कळेल. चिखली तालुक्यात, अमडापूरच्या बाजाराला जाणारं आमचं गाव. माझ्या आजोबांच्या जागेची वडील आणि काका या दोन भावांत वाटणी झाली तेव्हा रस्त्याकडचा, दक्षिणेला दार असलेला भाग कुणालाच नको होता. दक्षिणेचं दार अशुभ. माझ्या वडिलांनी थोरलेपणाचा हक्क लावून मागचा भाग घेतला आणि दक्षिणेचं दार काकांच्या गळ्यात पडलं. त्यामुळे रस्त्यावर काकांचं घर, त्याच्या पाठीला आमचं अंगण आणि अंगणापलीकडे आमचं टिनाचं घर. आम्ही एका बोळातून आत येतो. काका गेले, त्यांचा मुलगा, म्हणजे माझा चुलतभाऊ, पुढच्या घरात राहतो. त्याचंही घर परवापर्यंत टिनाचंच होतं. बुटकं. त्याच्या टिनांवरून डिसेंबरातलं ऊन उडी मारून आमच्या अंगणात यायचं.

माझे बाबा सत्त्याऐंशीचे आहेत. उभं आयुष्य वांगी, मेथी, पालक यांत गेलं. हिवाळा आला की त्यांच्या हातांच्या मुठी वळतात आणि उघडत नाहीत. गोळ्या आहेत, तेलं आहेत, मी सगळं करून पाहिलं. उपाय एकच होता. साडेआठला ऊन अंगणात उतरलं की आमच्या घराच्या भिंतीला पाठ लावून बसायचं, तळवे वर करून हात मांडीवर ठेवायचे आणि काही बोलायचं नाही. दहा वाजेपर्यंत बोटं सुटायची. मग ते हाक मारायचे, "आन व भाकर." सून ताट आणायची आणि ते स्वतःच्या हाताने भाकरी मोडायचे.

भरवलेलं त्यांना चालत नाही. माझ्या आईला शेवटचं वर्षभर त्यांनीच घास भरवले. तेव्हापासून त्यांच्या डोक्यात पक्कं बसलं आहे की ज्याला भरवावं लागतं ते माणूस परत उठत नाही. म्हणून हिवाळ्यातले ते दीड तास आमच्या घरात कुणी मोडायचे नाहीत. अंगणात कपडेही त्यांच्या बाजूला वाळत घालायचे नाहीत, सावली पडते.

आणि ही सावली मी स्वतः सही करून आणली.

झालं असं. मे महिन्यात दुपारी चुलतभाऊ आला. बाहेर विस्तव बरसत होता. कूलर गरम हवा फेकत होता, बाबा ओला पंचा डोक्यावर घेऊन पडले होते. त्याला मुलाच्या लग्नाआधी वर दोन खोल्या काढायच्या होत्या, मागची भिंत थेट आमच्या अंगणाच्या कडेला उचलायची होती. त्यासाठी शेजाऱ्याची हरकत नाही असा कागद ग्रामपंचायतीत द्यायचा होता.

"दादा, तुमचाच फायदा हाय," तो म्हणाला. "माझी भित उंच झाली का तुमच्या आंगनात सावलीच सावली. मोठ्या बाबाले उन्हाळाभर थंड."

सावली हा शब्द मेमध्ये आमच्याकडे माणसाला आंधळा करतो. त्या वेळी माझ्याकडून कुणी सावलीच्या बदल्यात घरही लिहून घेतलं असतं. बाबाही पंच्याखालून म्हणाले, "दे बे लिहून. सावली काय वाईट असते का?" चुलतभावाला धड लिहिता येत नाही, म्हणून अर्ज मीच लिहिला. मोत्यासारख्या अक्षरात लिहिला. 'सदर बांधकामास माझी कोणतीही हरकत नाही.' खाली सही.

मी कोण, ते आता सांगतो. मी एकतीस वर्षं भूगोल शिकवला. टॉर्च आणि चेंडू घेऊन दक्षिणायन शिकवलं. निवृत्तीनंतरही मेच्या शेवटी मुलांना मारुतीच्या पारावर जमवतो, उन्हात काठी उभी करतो आणि दाखवतो की आज सूर्य नेमका डोक्यावर आहे, भर दुपारी काठीला सावलीच नाही. मुलं टाळ्या वाजवतात. गेल्या मेमध्येही वाजवल्या. सही करून मला तेव्हा चार दिवस झाले होते. ज्या दिवसांत काठीला सावली नसते त्या दिवसांत भिंतीला कुठून असणार, हे पाराच्या पायऱ्या उतरतानाही माझ्या टाळक्यात शिरलं नाही. आणि डिसेंबरात सूर्य दक्षिणेला कलतो, तेव्हा तीच भिंत आपली सावली अख्ख्या अंगणावर टाकणार, हे तर सातवीतल्या कुठल्याही मुलाने सांगितलं असतं. मला कुणी विचारलं असतं तर मीही सांगितलं असतं.

दिवाळीपर्यंत भिंत उभी राहिली. नोव्हेंबरात ऊन दारापासून सरकत सरकत आमच्या टिनांवर चढलं आणि डिसेंबर उजाडला तेव्हा अंगणात सकाळचं ऊनच नव्हतं. बाबा रोजच्या जागी जाऊन बसले. तळवे वर केले. साडेआठ झाले, नऊ झाले, दहा झाले. ते त्या भिंतीकडे बघत राहिले. मग मुठी तशाच घेऊन आत आले आणि जेवायचं नाही म्हणाले. संध्याकाळपर्यंतचा वेळ चहावर काढला. दुसऱ्या दिवशी ते वाटी दोन मुठींच्या मध्ये धरून वरण प्यायले, अर्धं सदऱ्यावर. बायकोने डोळे पुसले. मी भिंतीला शिव्या दिल्या, मोठ्याने, पलीकडे चुलतभावाच्या घरात ऐकू जातं हे माहीत असून.

बाबांना टिनांवर चढवता येत नाही, बोळात बसवावं तर ट्रॅक्टरची ये-जा. शेतावर न्यायचं तर सकाळच्या गारठ्यात मोटरसायकलवर ते बसणार कसे? मी भिंतीविरुद्ध ग्रामपंचायतीत गेलो. रागाच्या भरात तीन पानी अर्ज लिहिला आणि, आता सांगायला लाज वाटते, त्यात मुलीने पाठवलेला तो शब्दही घातला. माझ्या वृद्ध वडिलांचा ॲप्रिसिटीचा हक्क हिरावला गेला आहे, असं लिहिलं. वाटलं, इंग्रजीचं वजन पडेल.

ग्रामसेवकाने अर्ज दोनदा वाचला. सभ्य माणूस होता, हसला नाही.

"सर, हे ॲप्रिसिटी कोनतं कलम व्हय?"

"कलम नाही. उन्हाची ऊब."

"बरं." त्याने कपाटातून एक कागद काढून माझ्यासमोर ठेवला. "मंग हे अक्षर कोनाचं व्हय सर?"

अक्षर सुंदर होतं. समोर बाकावर बसलेल्या दोघांनी वाकून वाचलं आणि त्यातला एक म्हणाला, "सरच्या अक्षराले तोड नाई." मी अर्ज घडी करून खिशात घातला आणि घरी आलो.

त्यानंतर मी चुलतभावाशी बोलणं टाकलं. तो बोळात दिसला की मी थुंकायचो. साठीच्या पुढे मी हे करत होतो. त्याने दोनदा घरी येऊन सांगायचा प्रयत्न केला, "दादा, मले तरी कुठं माहीत होतं?" मी दार लावून घेतलं. बायकोला बजावलं की त्यांच्या घरचं काही घ्यायचं नाही, द्यायचं नाही, संक्रांतीचं बोलावणं आलं तरी जायचं नाही. ती म्हणाली, "अहो, सही तुमची, शिक्षा आम्हाले काऊन?" मी ताट बाजूला सारून उठलो.

खरं म्हणजे त्याची काही चूक नव्हती. हे मला तेव्हाही माहीत होतं. त्याचा राग येत होता कारण स्वतःचा किती करणार.

बाबा वाळत चालले होते. पातळ वरण, दूध, कधी केळं. भाकरीला हात नाही आणि आम्ही घास पुढे केला की ते तोंड फिरवायचे. शेवटी मी चिखलीला जाऊन विजेचा हीटर आणायचं ठरवलं. सकाळच्या एसटीने गेलो, दुपारी बाराच्या सुमारास खोका मांडीवर घेऊन परतलो, आणि बोळाच्या तोंडाशी थबकलो.

बाबा चुलतभावाच्या ओट्यावर बसले होते. दक्षिणेकडे तोंड, पूर्ण उन्हात, प्लास्टिकच्या खुर्चीवर. टोपी काढून ठेवलेली. समोर स्टुलावर ताट होतं, ज्वारीची भाकरी आणि मेथीची भाजी. आणि बाबा ती भाकरी मोडत होते. स्वतः. त्यांची बोटं उघडी होती, तुकडा मोडून भाजीत दाबून तोंडात घालत होते आणि चुलतभावाची बायको बाजूला तांदूळ निवडत बसली होती. चुलतभाऊ पायरीवर होता. मला पाहून उठला.

"दादा, या ना. बसा. इथं दिवसभर ऊन असते."

शेवटच्या वाक्याने माझं डोकं फिरलं. त्याला काही लागट बोलायचं नव्हतं, मला माहीत आहे. पण त्याने आमचं ऊन पोटाशी धरून ठेवावं आणि वर आमंत्रण द्यावं, आणि माझ्या बापाने त्याच्या दारात बसून जेवावं! मी खोका तिथेच रस्त्यावर ठेवला, ओट्याच्या खाली उभा राहिलो, पायरी न चढता हात पुढे केला आणि बाबांचं मनगट धरलं.

"उठा. घरी चला."

"जेऊन राह्यलो ना बे," ते म्हणाले.

"घरी जेवा. कुणाच्या दारात जेवायची वेळ अजून आली नाही आपल्यावर."

ते उठले. हातातला तुकडा ताटात ठेवला. चुलतभावाच्या बायकोने टोपी आणून दिली, ती त्यांनी डोक्यावर घातली. बोळातून मी पुढे आणि ते काठी टेकत मागे, असे आम्ही आलो. मी त्यांना आतल्या खोलीत बसवलं. हीटर लावायला गेलो तर वीज गेलेली. मग मी स्वतः ताट वाढलं, भाकरी दुधात कुस्करली आणि घास त्यांच्या तोंडाजवळ नेला.

त्यांनी तोंड मिटून घेतलं. माझा हात तसाच थांबला.

"भित त्यानं बांधली," बाबा म्हणाले. "पन उन्हातून उठवून इथं तू आनलं मले."

बायको दारात उभी होती. मी घास ताटात ठेवला. दूध हातावरून मनगटाकडे ओघळत होतं, ते मी धोतराच्या टोकाला पुसलं. बाबांच्या बोटांकडे मी बघत बसलो. ती हळूहळू परत वळायला लागली होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते आंघोळ करून, स्वेटर घालून, काठी घेऊन दारात उभे होते. मी वर्तमानपत्र वाचत होतो, म्हणजे उघडून बसलो होतो. त्यांना बाहेर पडायला माझी खुर्ची आडवी येत नव्हती. तरी ते थांबले होते.

"जाऊ का?" त्यांनी विचारलं.

या माणसाने जमिनीचा तुकडा विकताना मला विचारलं नव्हतं. माझं लग्न ठरवताना मला विचारलं नव्हतं. आता ते मान जरा खाली घालून, माझ्या तोंडाकडे बघत परवानगी मागत होते.

मी खुर्चीतून उठलो आणि म्हणालो, "चला." बोळातून त्यांना घेऊन गेलो. ओट्याच्या पायरीपाशी चुलतभाऊ आला आणि त्याने त्यांचा दुसरा हात धरला. मी माझा हात सोडला.

तेव्हापासून रोज असंच चालू आहे. माघ संपेपर्यंत चालेल. त्या पायरीवर मी अजून पाय ठेवलेला नाही. चुलतभाऊ रोज "दादा, बसा," म्हणतो, मी रोज मान हलवतो आणि परत येऊन आमच्या गार अंगणात बसतो. पलीकडून बाबांच्या हसण्याचा आवाज येतो. आमच्या घरात ते इतकं कधी हसले नव्हते.