केल्विकचे दात आणि सत्तारचाचांची डबी

बर्फाच्या फॅक्टरीत नोकरी करणाऱ्याला किस्से शोधायला जावं लागत नाही. क्रशरपुढे बोटवाल्यांची रांग लागते, लाद्या फुटायला वेळ लागतो, आणि थंड जागी बसलेला माणूस बोलत सुटतो. मी इथे पंधरा वर्षं मॅनेजर आहे. एक किस्सा सांगायला घेतला की मागचे दोन ‘आमचं काय?’ म्हणून पुढे येतात.

त्यातले सगळ्यात येडे किस्से आईस हॉकीचे. हो, अमेरिकेतली आईस हॉकी! रेवदंड्याजवळच्या आमच्या बंदरात बर्फ फक्त मासळीवर टाकतात, पण चार माणसं या खेळावर जीव टाकतात. एक मी, प्रकाश. दुसरा हरिश्चंद्र तांडेल, याची स्वतःची बोट आहे. तिसऱ्या हिराबाई, मासळीच्या घाऊक व्यापारी, कुणाच्या बापाला घाबरत नाहीत. आणि या रोगाचं मूळ म्हणजे सत्तारचाचा.

तिकडची संध्याकाळची मॅच आपल्याकडे सकाळी दिसते, बोटी बर्फ भरायला येतात त्याच वेळी. माझा मोबाईल वजनकाट्याला टेकवून ठेवायचा आणि चौघांनी माना वाकड्या करून बघायचं, असा आमचा रिवाज आहे.

* * *

आधी चाचांचं सांगतो. चाचा वीस वर्षं दुबईला होते, एका मॉलमधल्या बर्फाच्या मैदानावर. खेळून खेळून ओरबाडलेल्या बर्फावरून गाडी फिरवायची आणि तो परत गुळगुळीत करायचा, हे त्यांचं काम. बाहेर वाळवंट भाजत असायचं आणि हा माणूस स्वेटर घालून ड्युटीवर जायचा.

तिथे एकदा अमेरिकन खेळाडू दोस्तीची मॅच खेळायला आले. त्यांच्यात टॉम केल्विक होता. मिनेसोटाच्या ट्रक ड्रायव्हरचा मुलगा, गोठलेल्या तळ्यावर खेळ शिकलेला. पळायला मंद, पण समोर उभा राहिला की हलायचा नाही. मोठा कप दोनदा जिंकला, नाक त्याहून जास्त वेळा मोडलं. समोरचे दोन दात तर पहिल्याच वर्षी गेले.

चाचांचं म्हणणं असं. मॅचच्या आधी केल्विकने समोरचे खोटे दात काढून सांभाळायला त्यांच्या हातात दिले. ते बघून त्याच्या टीमच्या गोलकीपरनेही आपले दिले. एक जोडी डाव्या खिशात, एक उजव्या. मॅच संपल्यावर केल्विक घाईत आला, चाचांनी काढून दिलेले दात तोंडात टाकले आणि पळत बसमध्ये चढला. गोलकीपर आलाच नाही. बस सुटल्यावर चाचांच्या लक्षात आलं, खिसा चुकला. केल्विक गोलकीपरचे दात घालून अमेरिकेला गेला होता आणि केल्विकचे दात चाचांकडेच राहिले होते.

ते दात एका मखमली डबीत असतात, आणि डबी कायम चाचांच्या खिशात. बंदरावर एकाचाही यावर विश्वास नाही. एवढंच नाही, तर कुणी मोठी फेकली की इथे लोक सरळ म्हणतात, “हे काय, सत्तारचे दात?”

* * *

आईस हॉकीत मारामारी केली की खेळाडूला बाजूच्या खोक्यात पाच मिनिटं बसवतात. हे हिराबाईंना इतकं पटलं की त्यांनी फॅक्टरीत नियमच केला. क्रशरच्या रांगेत जो भांडेल त्याने मासळीच्या उपड्या खोक्यावर पाच मिनिटं बसायचं, नंबर मागे जाईल. रेफ्री अर्थातच त्या स्वतः.

एकदा फॅक्टरीचे शेट पनवेलहून अचानक आले. कंप्रेसर का बंद पडला म्हणून माझ्यावर असे ओरडले की कावळे उडाले. हिराबाईंना ते कोण हे माहीत नव्हतं, आणि असतं तरी काही फरक पडला नसता. त्यांनी खोक्याकडे बोट दाखवलं. “पाच मिन्टं.”

शेटनी माझ्याकडे बघितलं. मी छताकडे बघितलं. शेट बसले.

पाच मिनिटांनी उठून पँट झटकत मला हळूच म्हणाले, “बरं वाटलं रे जरा. घरी कोण बसूच देत नाही.”

* * *

अमेरिकेत एका शहरात लोक मोठ्या मॅचला मैदानावर ऑक्टोपस फेकतात. ही तिकडची जुनी प्रथा. ऑक्टोपस म्हणजे काय ते मी हिराबाईंना मोबाईलवर दाखवलं.

“कच्चा फेकतात?” त्यांनी विचारलं.

“न्हाय, उकडून,” चाचा म्हणाले.

हिराबाईंनी बोटांवर मोजलं. मग म्हणाल्या, “म्हंजे धुतात, साफ करतात, चुलीवर ठेवतात. आनि खात न्हाईत?”

त्या दिवसापासून त्या टीमची मॅच असली की हिराबाई मोबाईलकडे पाठ करून बसतात. स्कोअरही ऐकून घेत नाहीत.

* * *

तांडेलाच्या दाढीचा किस्सा मात्र गंभीर आहे. निदान गावासाठी होता.

शेवटच्या फेऱ्या सुरू झाल्या की हॉकीवाले दाढी करत नाहीत. टीम हरेपर्यंत ब्लेड लावायचं नाही. केल्विक रिटायर झाला तरी आम्ही त्याचीच टीम धरून आहोत, म्हणून तांडेलानेही दाढी सोडली. टीम जिंकत गेली, दाढी वाढत गेली. मग टीम हरली आणि तांडेल गुळगुळीत दाढी करून, पडेल चेहऱ्याने ओट्यावर येऊन बसला.

आता आमच्याकडे माणूस बरेच दिवस दाढी वाढवतो, एके दिवशी उतरवतो आणि तोंड पाडून बसतो, याचा अर्थ एकच होतो. दुपारपर्यंत अर्धी आळी भेटायला आली. बायका पदर सावरून बसल्या. शेजारणीने पिठलं-भात आणला. वेंगुर्ल्याकडे तांडेलाचा एक मोठा भाऊ असतो. तोच गेला असं लोकांनी आपसांतच ठरवून टाकलं.

एका म्हाताऱ्याने तांडेलाच्या पाठीवरून हात फिरवला. “लय दिवस आजारी व्हता काय?”

“न्हाय वो,” तांडेल म्हणाला. “शेवटच्या मॅचपर्यंत चांगले व्हते. डिफेन्स गेला.”

पिठलं-भात त्याने परत केला नाही, हे मी स्वतः बघितलंय. दुसऱ्या दिवशी वेंगुर्ल्याहून भावाचाच फोन आला, तो पातेलं न्यायला आलेल्या शेजारणीने उचलला. ती अजून तांडेलाशी बोलत नाही.

* * *

इथवर सगळं हसण्यावारी. पण गेल्या वर्षी चाचांच्या नातीच्या लग्नाची बोलणी होती. मुरूडचे पाहुणे आले होते. चाचा मुलीच्या शिक्षणाबद्दल सांगत होते, तेवढ्यात आमच्यातलंच कुणीतरी दारातून म्हणालं, “पदवी खरी हाय ना चाचा, का सत्तारचे दात?” सगळे हसले. पाहुणे हसले. चाचाही हसले.

त्यानंतर आठ दिवस चाचा फॅक्टरीत आले नाहीत. मला फार वाईट वाटलं, कारण हसणाऱ्यांत मीही होतो. घरी गेलो तेव्हा ते डबी हातात घेऊन बसले होते.

“प्रकाश,” म्हणाले, “मी आयुष्यात पुष्कळ थापा मारल्या, अल्ला माफ करो. पण ही एक थाप न्हाय. मरायच्या आधी कुणीतरी एकदा म्हणावं, सत्तार खरं बोलला. बस.”

* * *

आणि आता या डिसेंबरातलं. नागावला माझ्या मावसभावाचा होमस्टे आहे. सकाळीच त्याचा फोन आला. “प्रकाशदादा, एक राक्षसाएवढा अमेरिकन उतरलाय. गुडघे दुखतात म्हणून बर्फात बसायचंय म्हणतो. मुलांचा प्लास्टिकचा टब दिलाय त्याला. चार लाद्या फोडून लगेच आण, मी अलिबागला चाललोय.”

मी टेम्पो काढला. हिराबाईंना नागावला मासळी द्यायची होती, त्या बसल्या. चाचा हवा खायला म्हणून बसले. तांडेल समुद्रात होता.

वाडीत माडाखाली निळ्या टबात तो बसला होता. गुडघे बाहेर आले होते, आणि नाक दोन ठिकाणी वाकडं. चाचांच्या हातात बर्फाचं घमेलं होतं. ते तसेच थांबले.

“दुबई,” चाचा म्हणाले. “लेफ्ट पॉकेट, राइट पॉकेट.”

अमेरिकनाने त्यांच्याकडे बघितलं. मग तोंडात बोट घातलं आणि समोरचे दोन दात बाहेर काढून निरखले. “अकरा वर्षं,” तो इंग्रजीत म्हणाला. “मी तीन डेंटिस्ट बदलले!”

चाचांनी घमेलं खाली ठेवून डबी उघडली. केल्विकने डबीतले दात घेऊन बर्फाच्या पाण्यात बुचकळले आणि तोंडात बसवले. टक असा आवाज आला, तो मी या कानांनी ऐकला. मावसभावाच्या बायकोने आतून तळलेले बोंबील आणले. त्याने एक कडकडीत चावून खाल्ला, मग दुसरा. एवढा मोठा माणूस टबात बसून रडायला लागला. चाचाही रडले. मी बर्फ ओतत राहिलो.

“फोटो काढ मेल्या,” हिराबाई म्हणाल्या.

माझा मोबाईल फॅक्टरीत वजनकाट्याला टेकवलेला होता. मॅच चालू होती. हिराबाईंचा फोन बटणांचा, चाचांकडे फोनच नाही, मावसभावाच्या बायकोचा तिचा नवरा घेऊन गेलेला, आणि केल्विकचा आदल्या दिवशी समुद्रात बुडालेला.

निघताना केल्विकने काढलेले जुने दात नीट धुतले, डबीत ठेवले आणि चाचांना दिले. “गोलकीपरचे आहेत. भेटला तर देशील?”

“जरूर,” चाचा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी पहाटे केल्विक विमानतळाकडे गेला. त्यानंतर दोन दिवसांनी तांडेलाची बोट लागली. आम्ही तिघांनी एकाच वेळी त्याला सगळं सांगितलं. टब, गुडघे, बोंबील, टक. त्याने शांतपणे ऐकून घेतलं, चाचांच्या हातातून डबी घेतली आणि उघडली.

“चाचा,” तो म्हणाला, “दात तर हितंच हायत.”

हिराबाईंनी खोक्याकडे बोट दाखवलं. तांडेल मुकाट्याने जाऊन बसला.

चाचांनी डबी मिटली. या वेळी खिसा नीट बघून आत ठेवली.

“हे गोलकीपरचे,” ते म्हणाले. “तो पण येईल.”