आमचे स्टॉपरअण्णा

खेळाडूला संघातून कमी करायचं असलं, की स्टॉपरअण्णा फोनला हात लावत नसत. गाडी काढून थेट त्याच्या घरी जात. मडगाव असो, कारवार असो, नाहीतर खानापूरच्या पलीकडचं एखादं खेडं. आईवडिलांसमोर बसत, पुढ्यात येईल ते खात आणि मग सांगत. क्लबातल्या लोकांना हा नसता खोळंबा वाटे. अण्णांचं उत्तर ठरलेलं, "घ्यायला गेलो तवा त्यांच्या घरचं जेवलो. सोडताना फोन कसा करू?"

अण्णा आमच्या रामनगरचे. घराणं मूळचं खानापूरकडचं, बाजारात भुसारी मालाचं दुकान. दुकानाच्या गादीवर बसायच्या वयात ते फुटबॉल खेळायला गोव्याला गेले. तिथल्या एका क्लबात बचावफळीच्या मधोमध, स्टॉपरच्या जागेवर, वर्षानुवर्षं उभे राहिले. गुडघ्यानं साथ सोडल्यावर त्याच क्लबाचे टीम मॅनेजर झाले. खेळाडू निवडायचे, त्यांचे करार करायचे, मालकाची मर्जी आणि प्रशिक्षकाचा राग यांच्यामध्ये उभं राहायचं. मैदानावरची जागा गेली, तिचं नाव मात्र चिकटून राहिलं. ते म्हणत, "काम तेच हाय. फकस्त आता धक्के लागलेले दिसत न्हाईत."

नवा खेळाडू घेताना त्याचा खेळ ते थोडाच वेळ बघत, त्याच्या आईशी मात्र निवांत बोलत. "हरल्यावर घरात कसा वागतो?" हा पहिला प्रश्न. नंदिगड्ड्याच्या विष्णूची आई, रानातल्या भातशेतीवर राबणारी कुणबी बाई, त्यावर म्हणाली होती, "बोलत न्हाई. जेवतो आनी बैलांकडं जाऊन बसतो." अण्णांना तेवढं पुरलं. विष्णू क्लबात आला आणि बघता बघता आमचा सगळ्यात जास्त गोल करणारा खेळाडू झाला.

मी फिजिओ म्हणून लागले ती त्याच सुमारास. खेळाडूंच्या दुखापती बघणारी बाई, तीही सत्तावीस-अठ्ठावीसची, हे तिथल्या पुरुषमाणसांना जड जात होतं. पहिल्याच दिवशी अण्णांनी सगळ्यांना जमवलं आणि सांगितलं, "दुखण्याच्या बाबतीत हिनं न्हाई म्हटलं की न्हाई. मग मालक सांगू दे न्हाईतर मी." गावची पोरगी म्हणून ते मला मान देताहेत असं वाटलं. पण ते वाक्य अक्षरशः खरं होतं, हे पुढं कळलं.

उपांत्य सामना तोंडावर आलेला. सरावात धावता धावता विष्णू खाली बसला. "चक्कर आली, काय न्हाई," म्हणाला आणि उठून परत पळायला लागला. मला ते बसणं बरं वाटलं नाही. बेळगावला नेऊन तपासण्या केल्या. हृदयाचा स्नायू जाड झालाय, जोराच्या खेळात हृदय अचानक थांबू शकतं, तेव्हा स्पर्धेत खेळणं बंद, असं डॉक्टर म्हणाले. दुसऱ्या डॉक्टरांनीही तेच सांगितलं.

मालकांनी बैठक बोलावली. "एकच सामना खेळू दे. मग हवी तेवढी विश्रांती द्या," ते म्हणाले. अण्णा माझ्याकडं वळले.

"बाई, तू काय म्हणतेस?"

मी आधी अडखळले. "नाही," मी म्हणाले.

"मग न्हाई," अण्णा म्हणाले आणि उठले.

"हरलो तर जबाबदार कोण?" मालकांचा आवाज चढला.

"हरलो तर मी हाय. पोरगा मैदानात पडला तर कोण हाय, ते सांगा."



विष्णू तपासण्यांनंतर घरीच होता. दुसऱ्या दिवशी आम्ही गणेशगुडीचा पूल ओलांडून, जोयडा मागं टाकून नंदिगड्ड्याला पोचलो. त्याच्या आईनं पेज आणि उकडलेले कंद वाढले. अण्णांनी ताट संपवलं, हात धुतले आणि सगळं सांगितलं. काही झाकलं नाही, गोडही केलं नाही.

विष्णू ओसरीच्या खांबाला टेकून उभा होता. "तुम्ही गुडघा मोडेपर्यंत खेळलात," तो म्हणाला. "तुम्हाला कुनी अडवलं न्हाई."

"गुडघा मोडला तर मानूस लंगडत का हुईना, घरी येतो," अण्णा म्हणाले.

विष्णू तडक रानाच्या वाटेनं निघून गेला. मला वाटलं, आता आपणही उठावं. अण्णा हलले नाहीत. "त्याला जे बोलायचं हाय ते ऐकून जायाला पाहिजे," म्हणाले. दुपार कलली, गुरं परतली, तेव्हा तो आला आणि अंगणात उभा राहून नको नको ते बोलला. अण्णांनी मान खाली घालून सगळं ऐकलं. एका शब्दानंही स्वतःची बाजू मांडली नाही. मी त्यांच्याकडं बघत राहिले. इतकं गप्प बसायला केवढं बळ लागतं, ते मी त्या ओसरीवर पाहिलं. निघताना आईनं एवढंच विचारलं, "खेळला न्हाई तर जगंल न्हवं?"

"व्हय आक्का," अण्णा म्हणाले.

आम्ही तो सामना हरलो. हंगाम संपल्यावर अण्णांना क्लबानं पुन्हा घेतलं नाही. ते रामनगरला परतले आणि दुकानात बसू लागले. मी आता दुसऱ्या संघाबरोबर आहे. तिथंही मोठ्या सामन्याआधी कुणीतरी "एकदाच" म्हणतं, आणि माझा "नाही" आता अडखळत नाही.

मागच्या सुट्टीत अण्णांबरोबर गणेशगुडीला चहा पीत बसले होते. विष्णू हल्ली तिथं पर्यटकांची जीप चालवतो. समोरून त्याची जीप आली. त्यानं आम्हाला पाहिलं आणि तोंड फिरवलं.

"अजून बोलत नाही?" मी विचारलं.

"न्हाई."

"वाईट वाटत असेल."

"वाटतं की." अण्णांनी चहावर फुंकर घातली. "कधी वाटतं, डॉक्टर चुकले असतील, आनी मी एका पोराचा खेळ मारला. ते काय आता कळायचं न्हाई."

जीप वळणाआड गेली, तरी ते तिकडंच बघत होते.

"पन रागावलाय न्हवं," ते म्हणाले. "रागवायला तो हाय तरी."