आईचं पित्त

आई माझ्याकडे कायमची राहायला आली ती ऐन थंडीत. त्याआधी आठ वर्षं ती हडपसरला माझ्या धाकट्या भावाकडे, हॉलमधल्या दिवाणावर झोपत होती. मॅच संपेपर्यंत तिला आडवं होता यायचं नाही. माझ्याकडे तिला स्वतःची खोली मिळाली. फरशी गार पडते म्हणून मी त्या खोलीत गालिचा घातला. खालच्या मजल्यावरचे भाडेकरू कुत्र्यासकट शहर सोडून गेले, तेव्हा जाताना त्यांनी तो मला दिला होता. काही महिने माळ्यावर गुंडाळून पडला होता. झटकला, पसरला आणि स्वतःवर खूश झाले.

आठवड्याभरात आईच्या पायांवर लाल गांधी उठल्या.

"काहीतरी चावतंय गं मला."

मी गादी उलटीपालटी करून पाहिली. ढेकूण नव्हते. "पित्त आहे," असा निकाल देऊन मोकळी झाले. आमच्या घरात अंगावर काहीही लाल उठलं की ते पित्तच असतं. आमसुलाचं पाणी लावलं. दही, वांगं, लोणचं आणि शेंगदाणे बंद केले. शेंगदाण्यांवर तिचा जीव. दुपारी गालिच्यावर पाय पसरून भाजलेल्या शेंगा सोलत बसायची. आता ती तिथंच रिकाम्या हातांनी बसायची आणि खाजवायची.

"अगं, सत्त्याहत्तर वर्षांत मला कधी पित्त झालं नाही."

"मग आता झालं."

"उडतं काहीतरी. काळं, बारीक."

"आई, तुझे डोळे तपासून घेऊ."

हे मीच बोलले. मी दिवसभर ऑफिसात, तिच्या खोलीत जायचे ती पायात सपाता घालून, गोळ्या द्यायला. मला कशाला काय चावतंय!

तिसऱ्या आठवड्यात तिने पिशवी भरली. "मला त्याच्याकडे सोड."

"तिथं तुझं कुणी ऐकत तरी का?"

"नाही ऐकत. तू ऐकतेस आणि खोटं ठरवतेस. त्यापेक्षा ते बरं."

भावाने दारातच विचारलं, "काय ताई, कायमचं संपलं वाटतं?"

ती गेली रविवारी. बुधवारी मी चादरी काढायला अनवाणी तिच्या खोलीत गेले आणि पाच मिनिटांत दोन्ही घोट्यांना आग लागली. पांढरे मोजे चढवले आणि गालिच्यावर उभी राहिले. काळे ठिपके उड्या मारत मोज्यांवर चढले. पिसवा. तीन दिवस उपाशी होत्या.

पेस्ट कंट्रोलवाल्याने सांगितलं, "मॅडम, ह्या कोशात बसून महिनोन्‌महिने थांबतात. माणसाची ऊब लागली, पावलं वाजली की बाहेर येतात. आणि औषधाने कोश मरत नाहीत, ते फुटायची वाट बघायची." म्हणजे मी अंथरेपर्यंत त्या थांबल्या होत्या. गालिचा प्लॅस्टिकमध्ये बांधून टाकून दिला. औषध दोनदा मारून घेतलं. चादरी, पडदे, उशांचे अभ्रे उकळत्या पाण्यातून काढले. रोज व्हॅक्यूम फिरवला, फटीफटींतून, आणि त्यातली धूळ लगेच पिशवीत बांधून खाली नेऊन टाकली. महिनाभर. रोज मोजे घालून खोलीत उभी राहायचे. ठिपके कमी होत गेले. शेवटी सलग आठ दिवस मोजे पांढरेच राहिले, तेव्हा आईला फोन लावला.

"आई, पिसवा होत्या. गालिच्यात. तुझं बरोबर होतं."

पलीकडे टीव्हीचा आवाज येत होता.

"तुला चावल्या?"

"हो."

"मग पटलं."

मी म्हटलं, खोली स्वच्छ झाली आहे, गालिचा टाकला, मी उद्याच घ्यायला येते.

"नको. इथं शेंगदाणे खाता येतात," ती म्हणाली. मग काही आठवल्यासारखं तिने विचारलं, "आमसुलाचं पाणी लावलंस का गं?"