शेवटचा हात कुणाचा?

शिलाईच्या त्या कारखान्यात मशीन बिघडलं की मिस्त्री आधी मशीनकडे बघतच नसे. तो दोऱ्याकडे बघायचा. ही पद्धत त्यानेच पाडलेली. कामाला बसताना प्रत्येकीने आधीचा दोरा काढून आपल्या रंगाचा तुकडा मशीनच्या मानेला बांधायचा. म्हणजे शेवटचा हात कुणाचा लागला, हे विचारत बसायला नको. "काल धड चालत होतं, आज चालत नाही, म्हणजे मधे कुणीतरी काहीतरी केलंय," एवढंच त्याचं शास्त्र. आणि बहुतेक वेळा ते खरं निघायचं. कुणी सुई उलटी बसवलेली असे, कुणी दोरा एका कडीतून ओवायला विसरलेली असे. चहा निवायच्या आत मशीन सुरू!

"मिस्त्री कुठला, हा तर हवालदार," बाया म्हणायच्या. "दुरुस्ती नाही करत, चोर पकडतो." तो मिशीत हसायचा.

वडील गेल्यापासून मात्र ते हसणं बंद पडलं. तो रडलाही नाही. कामावर येई, पुढ्यात येईल ते जेवी, विचारलं तर उत्तर देई. पण जाड हातमोजे घालून वस्तू चाचपाव्यात, तसं सगळं.

आज सकाळीही बायको चहाचा कप ठेवून समोर उभीच राहिली.

"अहो, ताई आज जाणार. दुपारी सामानाचा ट्रक येतोय म्हणे."

"हं."

"हं काय? भाऊजींची बदली केवढी लांब झालीय. परत कधी दिसतील त्या?"

"बघू."

"तुमचं 'बघू' म्हणजे 'नाही', हे मला लग्नाच्या पहिल्याच आठवड्यात कळलंय." ती कपाकडे बघून म्हणाली, "साखर घातलेली नाही त्यात. विसरले. तुम्हाला कळलं तरी का?"

त्याला कळलं नव्हतं. त्याने चहा संपवला.

ताई त्याची थोरली बहीण. वडील त्याच्याकडे राहायचे आणि ताई चार गल्ल्या ओलांडून रोज दुपारी त्यांना भरवायला यायची. त्या दुपारी ती सूप भरवत होती. वडिलांना ठसका लागला आणि तो थांबलाच नाही. दवाखान्यात पोचेपर्यंत सगळं संपलं होतं. कामावरून धावत आलेल्या मिस्त्रीने तिथल्या जिन्याशी, साऱ्या नातेवाइकांदेखत, कारखान्यात विचारायचा अगदी त्याच आवाजात विचारलं, "शेवटचं कुणी भरवलं?"

ताईच्या मुठीत चमचा तसाच होता. ती म्हणाली, "मी."

"मग झालं," मिस्त्री म्हणाला.

पुरते तीन शब्दही नव्हेत. त्यानंतर ताई त्याच्या घराची पायरी चढली नाही.

कारखान्यात पोचला तर खिडकीजवळचं मशीन टाके सोडत होतं. मानेला पिवळा दोरा. म्हणजे चष्मेवाली. सुपरवायझर बाई कमरेवर हात ठेवून उभ्या होत्या.

"पुन्हा हेच मशीन! आता हिला बटणांवर पाठवते. मशीनवर नको मला ही."

"तर तर, दोरा बघितला की झाला निकाल!" चष्मेवाली कडाडली. "मागच्या खेपेला हिरवा होता, त्याआधी निळा. तेव्हा त्या दोघी चोर होत्या ना? मग आज मी. अहो मिस्त्री, कधीतरी मशीनलाही विचारा की, बाई गं, तुला काय होतंय!"

सगळ्या हसल्या. मिस्त्रीने सुई बघितली. बरोबर. दोरा सगळ्या कड्यांतून नीट ओवलेला. ताणही ठीक. त्याने सवयीने नवी सुई घातली. मशीन थोडं चाललं आणि पुन्हा टाका सुटला. आता त्याच्याकडे विचारायला माणूस उरलं नव्हतं.

त्याने मशीन आडवं केलं. सुईखाली फिरणारा, वरचा दोरा पकडून घेणारा हूक काढला आणि त्याच्या टोकावरून नख फिरवलं. टोक बोथट झालं होतं. हे एका दिवसाचं काम नव्हे. महिनोन्महिने ते झिजत आलं होतं. निळ्याच्या वेळी, हिरव्याच्या वेळीही झिजतच होतं. तेव्हा प्रत्येकीची काही ना काही चूक सापडली, नव्या सुईने चार दिवस भागलं, आणि चोर सापडल्यावर मशीन कोण उघडतंय?

तो हूक हातात धरून तसाच बसला.

वडिलांना जेवताना ठसका लागायचा. मधूनमधून, कितीतरी दिवस. पोळी कडक झाली, असं तो बायकोला म्हणायचा. भात मोकळा झाला, असंही म्हणायचा. कधी वडिलांनाच रागवायचा, "बाबा, कसली घाई आहे?" दर वेळी काहीतरी सापडायचं. आणि त्या दिवशी डॉक्टर सांगत होते, गिळायची ताकद फार आधीपासून कमी होत आली असणार. कानावर पडलं होतं ते. आत शिरलं नव्हतं.

"कुणाची चूक मग?" सुपरवायझर बाईंनी विचारलं.

"हिची नाही. मी उघडलंच नव्हतं." त्याने नवा हूक बसवला, एक शिवण घालून बघितली आणि मग मानेचा पिवळा दोरा कात्रीने कापून टाकला. "अर्धी सुट्टी लावा माझी."

"आणि दोरा?" चष्मेवालीने विचारलं.

"नको बांधूस."

ताईच्या दारात ट्रक लागलेला होता. आत ती एकटीच एका खोक्याला दोरी बांधत बसली होती. तिने मान वर केली.

"तू? कारखाना जळला की काय?"

तो उभाच राहिला. हाताचं तेल पुसायचं राहून गेलं होतं. "ताई, बाबांना आधीपासून ठसका लागायचा."

"माहीत आहे मला."

"तू नसायचीस तेव्हाही. डॉक्टरांनी सांगितलं होतं, मी ऐकलं नाही. तुझ्यामुळे नव्हतं ते."

"तुला माणूस सापडलं होतं ना. मग डॉक्टरांचं कशाला ऐकशील?" ती दोरी ओढत म्हणाली. आवाज चढला नाही, हेच वाईट होतं. "तो चमचा अजून पर्समध्ये आहे माझ्या. धुवायला हात धजत नाही."

त्याला काहीतरी वाटायला हवं होतं. त्याने वाट बघितली. आत काहीच हललं नाही.

"चुकलो मी," तो म्हणाला. जे खरं होतं ते म्हणाला, एवढंच.

ताईने दोरी पुन्हा ओढली. बाहेर ट्रकवाल्याने हॉर्न वाजवला.

"गाठ सुटतेय सारखी," ती म्हणाली. "बोट ठेव इथे."

तो खाली बसला, दोरीच्या फुलीवर बोट ठेवलं. ताईने दोन्ही टोकं जोर लावून आवळली. बोट आत अडकलं. दुखत असणार. त्याने ते काढलं नाही.

"काढ आता," ताई म्हणाली. "अजून चार खोकी आहेत."