मुद्दलाचा रकाना

आमच्या घरात बाहेरच्या खोलीत, देवळीच्या बाजूला, एक तार टांगलेली होती. खाली लाकडाची चकती, वर वाकवलेलं टोक, आणि तिच्यात टोचलेल्या सोसायटीच्या पावत्या. दार उघडलं की त्या पावत्या खसखस वाजायच्या. पाहुणे आले की मी त्यांना मुद्दाम त्या भिंतीकडे तोंड करून बसवायची, म्हणजे दिसावं, हे घर आमचं आहे आणि आम्ही त्याचे पैसे भरतो. बाई गं, काय मिरवत होते मी!

गोष्ट तुमसरची. माझे मालक एका राईस मिलमध्ये दिवाणजी होते. पंचवीस खेड्यांचे धानवाले त्यांच्या अक्षरावर डोळे मिटून विश्वास ठेवायचे. नाकाडोंगरीकडून बैलगाडीने आलेला माणूसही आधी विचारायचा, दिवाणजी आहेत का. व्याजाचा आकडा त्यांच्या तोंडून असा निघायचा, जसा माझ्या तोंडून पाढा निघत नाही. एकाहत्तर साली घरबांधणीच्या सोसायटीतून आम्ही बारा हजार कर्ज घेतलं आणि स्टेशनाच्या रस्त्याला दोन खोल्या, पुढे ओसरीसारखी सपरी, मागे मोरी एवढं बांधलं. मुदत वीस वर्षं. हप्ता महिन्याला एकशे आठ रुपये. घर फिटेपर्यंत सोसायटीकडे गहाण. हे सगळं मला माहीत होतं. कागदावर सही करायला मीही गेले होते, चौथी पास आहे मी.

पण महिन्याचा हप्ता महिन्याला भरायचा, तर पैसा महिन्याला हातात पाहिजे. तो नव्हता. मिलमध्ये हमाल, धान उकडणारे भट्टीवाले यांना पहिल्या तारखेला खिडकीतून पगार मिळायचा. रांग लावायची, अंगठा द्यायचा, पैसे घ्यायचे. दिवाणजी रांगेत उभा राहत नाही. त्याचा पगार शेठच्या वहीत त्याच्या नावावर चढतो. घरखर्चाला थोडी उचल घ्यायची, आणि हंगाम सरला, होळी जवळ आली, की शेठ गादीवर शेजारी बसवून, पान देऊन, वर्षाचा हिशेब हातात ठेवतो. तुमसरच्या धानबाजारात इमानी माणसाची हीच खूण होती. तिजोरीची चाबीही अशाच माणसाच्या कमरेच्या करगोट्याला असायची. माझ्या मालकांच्या होती. झोपतानासुद्धा ती निघत नसे, कूस बदलली की मला टोचायची.

म्हणून सोसायटीत आम्ही होळीच्या होळी भरत असू. बारा हप्ते एकदम, बाराशे शहाण्णव रुपये. मला वाटे, वा! लोक महिन्याला रडत-कुंथत भरतात, आम्ही एका झटक्यात. त्या दिवशी मी पुरण घालायची. मालक पावती घेऊन यायचे, पाटावर बसायचे, कानामागची पेन्सिल काढून पावतीच्या पाठीवर काहीतरी बारीक लिहायचे, आणि मग ती तारेत टोचायचे. मला वाटे तिथी लिहीत असतील. त्या दिवशी ते पुरणपोळी एकच खायचे. मी म्हणायची, ‘अजून घ्या ना, आज तं आपला सण हाय.’ ते म्हणायचे, ‘पोट भरलं.’

आणखीही काही गोष्टी होत्या, पण तेव्हा मला त्या एकत्र दिसल्या नाहीत. मी मागे आंब्याचं रोप लावायला घेतलं तर म्हणाले, ‘कायले लावतेस? फळ याले धा वर्षं लागते.’ मी म्हटलं, ‘धा वर्षं का आपण मरून राहिलो?’ कुंपणाला भिंत घालू म्हटलं, तर ‘पाहू’. दारावर नावाची पाटी लावू म्हटलं, तर ‘राहू दे’. सपरीचा खांब वाळवीने खाल्ला, त्याला त्यांनी नुसता डांबराचा हात मारला, बदलला नाही. मी सगळ्या गल्लीत सांगत सुटले की आमचा माणूस भारी चिकट आहे. आंबा मी लावलाच. ते त्याला कधी पाणी घालत नसत. समोरून जाताना त्याच्याकडे बघतही नसत.

ऐंशी साली दिवाळीच्या आधी मी चुना द्यायला काढला. तार भिंतीवरून उतरवली, आणि गंजलेलं टोक मोडून पावत्या जमिनीवर पसरल्या. नऊ होत्या. ओलीवर पडू नयेत म्हणून मी त्या भराभर गोळा करून खाटेवर मांडल्या, वर्षवारीने. आणि तेव्हा पहिल्यांदा वाचल्या. नऊ वर्षांत पहिल्यांदा! आमच्याकडे कोणाची पावती उलगडून वाचणं म्हणजे देणाऱ्याच्या तोंडावर त्याला चोर म्हणणं. बेरीज पाहायची, घडी घालायची. मी तर तीही पाहत नव्हते, माझा माणूस दिवाणजी.

पावतीवर तीन रकाने होते. दंडव्याज, व्याज, मुद्दल. पहिल्या वर्षी दंडव्याज एकशे बेचाळीस. व्याज एक हजार ऐंशी. मुद्दल चौऱ्याहत्तर.

मला वाटलं, लिहिणाऱ्याने शून्य विसरलं. दुसरी पाहिली. मुद्दल एक्क्याऐंशी. तिसरी, अठ्ठ्याऐंशी. हाताला चुना लागलेला तशीच मी जमिनीवर कोळशाने बेरीज मांडत बसले. नऊ वर्षांचं मुद्दल नऊशे त्रेसष्ट भरलं. तीनदा केली. अकरा हजार सहाशे चौसष्ट रुपये त्या सोसायटीत ओतले होते आम्ही, आणि बारा हजारांतले अकरा हजार सदतीस अजून उभे होते. चुन्याची बादली तशीच राहिली, वर साय धरली तिच्यावर.

दुसऱ्या दिवशी मालक मिलवर गेले आणि मी पावत्या पदरात बांधून सोसायटीत गेले. कारकून भला माणूस होता. त्याने मला बसायला स्टूल दिलं.

‘बाई, यात चूक काही नाही,’ तो म्हणाला. ‘हप्ता महिन्याचा हाय. महिना चुकला का त्याले शेकडा दोन रुपये दंड, दर महिन्याले. तुमचे वर्षभर चुकते. होळीले पैसे येते, तं पयले दंड कापतो, मंग व्याज, मंग जे उरन ते मुद्दल. उरतच नाही तं आमी काय करावं?’

‘अन् महिन्याच्या महिन्याले भरलं असतं तं?’

त्याने कागदावर आकडे मांडले. तरीही सुरुवातीच्या वर्षांत व्याजच जास्त जातं, म्हणाला, पण आतापर्यंत तीनेक हजार मुद्दल फिटलं असतं, आणि विसाव्या वर्षी घर मोकळं.

‘अन् आता? विसाव्या वर्षी?’

त्याने लेखणी खाली ठेवली. ‘मुदत सरली अन् बाकी उरली, तं सोसायटी घर लिलावात काढू शकते. म्हणून तं दरवर्षी नोटीस पाठवतो, बाई.’

‘आमच्या घरी एकही नोटीस आली नाही.’

‘घरी नाही. मिलच्या पत्त्यावर जाते. दिवाणजींनीच तसा पत्ता लिहून देल्ला हाय.’

मी उठले. स्टुलाखाली चप्पल कुठे गेली ते मला दिसेना. त्याने उचलून दिली. घरी येताना मिलचा भोंगा वाजला, रोज वाजतो तोच, आणि मी रस्त्यात दचकून थांबले.

संध्याकाळी मालक आले, हातपाय धुतले, पाटावर बसले. मी ताट वाढलं नाही. ताटाच्या जागी नऊ पावत्या ठेवल्या.

‘हे काय हाय?’ मी म्हटलं. ‘आख्ख्या बाजाराचे हिशेब ठेवता अन् घरात दिव्याखाली अंधार? आंधळं दळते अन् कुत्रं पीठ खाते, तशी गत झाली आपली! तुमाले तीन रकाने वाचता येत नाही?’

मी आणखी खूप बोलले. ते सगळं इथे लिहीत नाही, माझं तोंड तिखट आहे आणि त्या दिवशी त्याला धरबंध नव्हता. शेवटी त्यांनी एक पावती उचलली आणि उलटी करून माझ्यापुढे ठेवली. मग दुसरी. मग सगळ्या.

पेन्सिलीचे बारीक आकडे होते. तिथी नव्हती ती. पहिल्या पावतीच्या पाठीवर ११९२६. दुसरीवर ११८४५. दर होळीला उरलेली बाकी त्यांनी स्वतः काढून लिहिली होती, रुपयाची चूक नाही. आणि पहिल्याच पावतीच्या पाठीवर, अगदी कोपऱ्यात, पुढचा आकडा होता: वीस वर्षं, ८२१४. त्याच्याखाली एकच शब्द. कोंढा.

कोंढ्याला त्यांच्या थोरल्या भावाचं घर. गोठ्याला लागून एक खोली, पावसाळ्यात तिच्यात पेंडीची पोती ठेवतात.

मला सगळं समजलं आणि समजू नये असं वाटलं. हा माणूस हिशेबात चुकला नव्हता. पहिल्याच होळीला त्याने वीस वर्षांचा हिशेब करून हे घर सोडून दिलं होतं. मी दर शनिवारी सारवत होते, आंब्याला राख घालत होते, पाहुण्यांना तार दाखवत होते, आणि तो मनाने कोंढ्याच्या त्या खोलीत जाऊन बसला होता.

‘काहून नाही मागतला महिन्याचा पगार?’ मी विचारलं. ‘शेठ काय नाही म्हणते?’

‘नाही म्हणत नाही,’ ते म्हणाले. ‘देते. पण महिन्याचा पगार हमाल घेते. मी मागतला का शेठ समजन, दिवाणजीचा भरोसा उठला. एका दिवाणजीचा भरोसा उठला का बाजारात बोंब होते. चाबी जाईन.’

‘अन् घर गेलं तं चालते?’

‘घर वीस वर्षांनी जाते,’ ते म्हणाले. ‘चाबी उद्या जाईन.’

झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. त्या मुठीत माझं घर होतं, आणि मला कोणी विचारलं नव्हतं. मी म्हटलं, ‘उद्या तुमी मागा. नाही तं परवा मी मिलच्या गेटावर उभी राहीन अन् मोठ्यानं मागीन.’ मी उभी राहिले असते. त्यांनाही ते माहीत होतं.

त्यांनी मागितला. शेठ हसला म्हणे, लगेच हो म्हणाला, पानही दिलं. पुढच्या पहिल्या तारखेला माझे मालक खिडकीसमोरच्या रांगेत उभे राहिले. पुढे भट्टीवाला, मागे पोती वाहणारा. हमालांनी त्यांना पुढे जा म्हटलं, ते गेले नाहीत. महिनाभरात शेठने सांगितलं, ‘दिवाणजी, वय होत आलं, तिजोरीचा ताप तुमाले कायले?’ चाबी शेठच्या भाच्याकडे गेली. मालकांना बाहेर काट्यावर बसवलं, पोती मोजायला आणि चिठ्ठ्या फाडायला. त्या दिवशी ते घरी आले आणि अंगरखा काढताना त्यांचा हात कमरेशी गेला, तिथेच थांबला. मी पाहिलं आणि चुलीकडे तोंड फिरवलं.

कारकुनाने सांगितलं होतं, नऊ वर्षांत फेडायचं तर महिन्याला दीडशे भरा. वरचे बेचाळीस मी विड्या वळून काढले. दिवाणजीची बायको सुपात तेंदूपानं घेऊन बसली म्हणून गल्लीत जी कुजबूज व्हायची ती झाली. मी ऐकून घेतली. दर महिन्याला सोसायटीत मी जायची, पावती कारकुनाच्या समोर उलगडायची आणि तिन्ही रकाने मोठ्याने वाचायची. दंडव्याज, काही नाही. त्याला राग आला नाही कधी. राग येण्यासारखं त्यात काही नव्हतंच, एवढं कळायला आम्हाला नऊ वर्षं लागली.

मालक मात्र दिवसेंदिवस कमी बोलू लागले. पूर्वी संध्याकाळी ओट्यावर दोन-चार माणसं व्याज काढून घ्यायला यायची. ती यायची बंद झाली. काट्यावरच्या माणसाला कोण विचारतं? एकदा शेजाऱ्याच्या मुलीला मी त्यांच्याकडे गणित घेऊन पाठवलं. ते म्हणाले, ‘मले जमत नाही आता.’ मला हे ऐकून फार भीती वाटली होती. लिलावाच्या नोटिसीचीसुद्धा तेवढी वाटली नव्हती.

एकोणनव्वद साली शेवटचा हप्ता गेला. बारा हजारांचे आम्ही सत्तावीस हजार आठशे चौसष्ट भरले. गहाणखत सुटून कागद हातात आला तो मी धावत घरी आणला. आंबा तेव्हा चांगला वाढलेला होता, दोनदा बहरून गेला होता. मालक त्याच्या सावलीत खाटेवर होते. डोळ्यांत मोतीबिंदू, कागद त्यांना दिसेना. म्हणाले, ‘वाच.’

मी वाचला. बाकी काही नाही. घर मोकळं. आपलं.

त्यांनी शेवटची पावती मागितली, उलटी केली, कोऱ्या पाठीवरून अंगठा फिरवला. मी वाट बघत होते. काहीतरी म्हणतील, निदान बरं झालं एवढं तरी.

‘अवं,’ ते म्हणाले, ‘तिजोरीची चाबी आता कोणापाशी असते?’